म्हाडाचं घर की एसआरएचं? नाव ऐकू नका, कागद वाचा

गेल्या वर्षी माझ्या मामेबहिणीला विक्रोळीत एक घर दाखवलं. सातवा मजला, पश्चिमेची खिडकी, तीनशे चौरस फूट, आणि किंमत आजूबाजूच्या घरांच्या जेमतेम निम्मी. एजंट म्हणाला, "ताई, म्हाडाचंच आहे, डोळे झाकून घ्या." टोकन द्यायच्या आदल्या रात्री तिने मला कागदांचे वाकडेतिकडे फोटो पाठवले. पहिला कागद म्हणजे पाचशेच्या स्टँप पेपरवरचं, नोटरी केलेलं कुलमुखत्यारपत्र, म्हणजे मालकाच्या वतीने व्यवहार करायचा अधिकार देणारी "पॉवर ऑफ अटर्नी". दुसरा होता घराच्या ताब्याचा, आणि त्यावर नाव होतं झोपडपट्टी पुनर्वसन प्राधिकरणाचं, म्हणजे एसआरएचं.

त्या माणसाने मुद्दाम फसवलं असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही. मुंबईत "सरकारी घर" म्हटलं की लोकांच्या तोंडी म्हाडाच येतं, म्हणजे महाराष्ट्र गृहनिर्माण आणि क्षेत्रविकास प्राधिकरण. दोन्ही कार्यालयं वांद्रे पूर्वेला, दोन्ही गृहनिर्माण खात्याच्या हाताखाली. पण दोन घरांचा जन्मच वेगळा, आणि घर घेणाऱ्याला पुढे होणारा सगळा त्रास तिथूनच सुरू होतो. म्हणून घर कुणाचं हे विचारण्याआधी मी एकच गोष्ट विचारते: मूळ मालकाला हे घर कशाच्या बदल्यात मिळालं?

म्हाडाचं घर पैशाच्या बदल्यात मिळतं. म्हाडा 1977 साली स्थापन झाली. त्याआधीची मुंबईची आणि विदर्भाची गृहनिर्माण मंडळं, इमारत दुरुस्तीचं आणि झोपडपट्टी सुधारणेचं मंडळ असं सगळं तिच्यात एकत्र आलं. म्हाडाच्या सोडतीत अर्ज करणारा माणूस ग्राहक असतो. तो अनामत रक्कम भरतो, उत्पन्नाचा पुरावा देतो, नंबर लागला तर ठरलेली किंमत भरतो. मुंबई महानगर प्रदेशात कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न 6 लाखांपर्यंत असेल तर अत्यल्प गट, 9 लाखांपर्यंत अल्प, 12 लाखांपर्यंत मध्यम, त्याच्या वर उच्च. उत्पन्न नवरा-बायकोचं मिळून धरतात, आणि इथेच बऱ्याच जणांचा गट चुकतो. शिवाय त्या पालिकेच्या हद्दीत अर्जदाराच्या, जोडीदाराच्या किंवा अज्ञान मुलांच्या नावावर घर असता कामा नये. ऑक्टोबर 2024 च्या मुंबईच्या सोडतीत 2,030 घरं होती आणि अर्ज लाखाच्या वर. म्हणजे नशीब लागतंच, पण घर फुकट नसतं. 2023 च्या सोडतीत ताडदेवचं एक घर साडेसात कोटींच्या वर होतं.

एसआरएचं घर झोपडीच्या बदल्यात मिळतं. हे नीट समजून घ्यायला थोडं मागे जावं लागेल. 1995 मध्ये शिवसेना-भाजप युतीचं सरकार आलं ते मुंबईतल्या 40 लाख झोपडीवासीयांना मोफत घरं देण्याचं आश्वासन घेऊन. त्यासाठी 1971 च्या झोपडपट्टी कायद्यात दुरुस्ती झाली आणि डिसेंबर 1995 मध्ये एसआरए उभं राहिलं. (पुणे आणि पिंपरी-चिंचवडसाठी वेगळं प्राधिकरण 2005 पासून आहे.) सरकारने यात तिजोरीतून घरं बांधायचं ठरवलं नाही. गणित असं मांडलं: झोपडपट्टीच्या जागेवर विकासकाने रहिवाशांसाठी मोफत इमारत बांधायची, त्या मोबदल्यात त्याला जादा चटईक्षेत्र, म्हणजे त्या जागेवर जास्त बांधकामाची परवानगी मिळणार, आणि त्यातून उभारलेली दुसरी इमारत तो बाजारभावाने विकणार. पहिल्या इमारतीचा खर्च दुसरीच्या विक्रीतून निघतो.

पात्र कोण हे ठरतं "परिशिष्ट दोन" नावाच्या यादीवरून. ज्या वस्तीत एसआरए आलं आहे तिथे हा शब्द लहान पोरांनाही माहीत असतो. वीजबिल, मतदारयादीतलं नाव, फोटोपास (झोपडीधारकाचं सरकारी ओळखपत्र), जे जे हाताशी आहे ते काढून लोक रांगेत उभे राहतात. 1 जानेवारी 2000 पूर्वीची झोपडी असेल तर घर मोफत. त्यानंतरची पण 1 जानेवारी 2011 पर्यंतची असेल तर पैसे भरून, आणि ती रक्कम सरकारने अडीच लाख ठरवली. माळ्यावर राहणाऱ्याला वेगळं घर मिळत नाही, मग तिथे त्याची वीस वर्षं गेलेली का असेनात. हे मला आजही बोचतं. घराचा आकार आधी 225 चौरस फूट होता, मग 269 झाला, आता 300 आहे. घर नवरा-बायको दोघांच्या नावावर होतं, ही या योजनेतली मला सर्वात चांगली वाटणारी गोष्ट.

आता गोंधळाचा खरा गाभा. "एसआरए प्रोजेक्टमधलं घर" असं लोक म्हणतात तेव्हा ते दोनपैकी काहीही असू शकतं. रहिवाशांना मिळालेलं पुनर्वसनाचं घर, किंवा त्याच आवारातल्या विक्रीच्या इमारतीतला फ्लॅट. दुसऱ्यावर पुनर्वसनाच्या घरासारखी विक्रीबंदी नसते. तो विकासकाकडून रीतसर करारनामा करून, महारेराची (बांधकाम प्रकल्पांवर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी प्राधिकरणाची) नोंदणी बघून, कर्ज काढून घेता येतो. आणखी एक गाठ आहे. झोपडपट्टी म्हाडाच्या जमिनीवर असेल तर पात्रतेच्या कागदांवर म्हाडाचंच नाव येतं, पण घर असतं एसआरएचं. तेव्हा एखाद्या कागदावर म्हाडाचा शिक्का दिसला म्हणून निर्धास्त होऊ नका. इमारतीच्या गृहनिर्माण संस्थेचं नोंदणीकृत नाव वाचा. पुनर्वसनाच्या इमारतीच्या संस्थेच्या नावातच बरेचदा "एसआरए" असतं.

विक्रीचे नियम दोघांचे वेगळे. म्हाडाच्या सोडतीतलं घर ताबा मिळाल्यापासून पाच वर्षं विकता येत नाही. नंतर म्हाडाची परवानगी घेऊन, हस्तांतरण शुल्क भरून विकता येतं. एसआरएच्या मोफत घराला मुळात दहा वर्षांची अट होती. ती पाचवर आणण्याचा निर्णय सरकारने 2023 मध्ये घेतला. म्हणून अशा घराबाबत कुणाच्या सांगण्यावर न जाता तारखेनिशी एसआरएकडूनच लेखी विचारावं. मुदत संपल्यावरही प्राधिकरणाच्या परवानगीशिवाय हस्तांतरण होत नाही, आणि बेकायदा राहणाऱ्याला घराबाहेर काढायचा अधिकार कायद्याने प्राधिकरणाला दिलेला आहे. काढतात तेव्हा विकणारा पैसे घेऊन कधीच गेलेला असतो. रस्त्यावर येतो तो विकत घेणारा.

कुलमुखत्यारपत्राचा धंदा चालतो तो याच बंदीच्या काळात. "आत्ता पॉवर करून देतो, मुदत संपली की नावावर करू." सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्येच सूरज लँप प्रकरणात स्पष्ट केलं की मुखत्यारपत्रावर मालकी मिळत नाही, त्यासाठी नोंदणीकृत खरेदीखतच लागतं. शिवाय मुखत्यारपत्र देणारा वारला की ते साधारणपणे संपतं, आणि मग तुमची गाठ त्याच्या वारसांशी. बहिणीला दाखवलेल्या घराची किंमत निम्मी का होती, ते इथे कळतं. या घरावर कुठलीही बँक तिला सरळ मार्गाने गृहकर्ज देणार नव्हती. सगळे पैसे रोख, म्हणजे आत्याचे दागिने आणि भावाचा भविष्य निर्वाह निधी. म्हाडाच्या सोडतीत नंबर लागलेल्याला मात्र देकारपत्र (ऑफर लेटर) आणि म्हाडाचं ना-हरकत पत्र दाखवून बँकेत कर्ज मिळतं.

म्हाडाच्या जुन्या वसाहतींबद्दलही थोडं सांगते. कन्नमवार नगर, टिळक नगर, पंत नगर, चारकोप इथलं घर कुणाकडून विकत घेणं ही सोडत नव्हे, तो साधा पुनर्विक्रीचा व्यवहार. पण जमीन बहुतेक ठिकाणी संस्थेला म्हाडाकडून भाडेपट्ट्याने मिळालेली असते. भाडेपट्टा जिवंत आहे का, सध्याच्या मालकाच्या नावाचं हस्तांतरण म्हाडाच्या दप्तरी नोंदलंय का, हे बघितल्याशिवाय पुढे जाऊ नये.

हे सगळं वाचून एसआरएचं घर म्हणजे कमअस्सल, असं कुणी समजू नये. पुनर्वसनाच्या इमारतीतल्या बाईने त्या तीनशे फुटांसाठी कधीकधी दहा-बारा वर्षं संक्रमण शिबिरात किंवा भाड्याच्या खोलीत काढलेली असतात, विकासकाने थकवलेलं भाडं मागत. एकाच आवारात विक्रीच्या इमारतीला वेगळं फाटक आणि पुनर्वसनाच्या इमारतीला मागची गल्ली हे मी पाहिलंय, आणि "ते एसआरएवाले" असं शेजारच्या मुलांदेखत म्हणणारी माणसंही. ज्यांच्या जमिनीच्या हक्कावर समोरचा टॉवर उभा राहिला, त्यांच्याबद्दल असं बोलणं मला सहन होत नाही. त्या घराचा कायदा वेगळा आहे, एवढंच मला सांगायचंय.

बहिणीने टोकन दिलं नाही. एजंटाने आठवडाभर फोन केले, मग थांबला. तिचं अधिवास प्रमाणपत्र फार जुनं निघालं. सोडतीसाठी बारकोड असलेलं नवीन लागतं. काल ती तहसील कचेरीतून पावती घेऊन आली आणि मला फोटो पाठवला. या वेळी फोटो सरळ होता.