पार्श्वभूमी : व्याख्यानमालेतून वृत्तवाहिनीवर

राष्ट्रीय आणि सांस्कृतिक प्रश्नांवर मराठी वाहिन्यांवर बोलणारे पुण्याचे भाष्यकार घडले कुठे, हे पाहायचं तर टीव्हीच्या बरंच मागे जावं लागतं. न्यायमूर्ती रानडे १८७१ मध्ये पुण्यात आले आणि १८७५ मध्ये त्यांच्या पुढाकाराने वसंत व्याख्यानमाला सुरू झाली. ती आजही उन्हाळ्यात टिळक स्मारक मंदिरात भरते. पुढे सार्वजनिक गणेशोत्सवाने व्याख्यानं पेठापेठांत नेली. वक्त्याला सलग वेळ मिळायचा. विरोधकाचं म्हणणं आधी नीट मांडायचं आणि मग खोडायचं, ही शिस्त त्यातूनच आली. समोर त्या विषयाचा एखादा जाणकार बसलेला असायचा; सनावळी चुकली तर कार्यक्रम संपल्यावर तो वक्त्याला गाठायचा. ही धास्ती फार मोलाची होती.

दूरदर्शनचं मुंबई केंद्र १९७२ मध्ये सुरू झालं. तिथल्या चर्चाही निवांत चालायच्या. खरा पालट २००७ मध्ये झाला. झी २४ तास आणि स्टार माझा या बातम्यांच्या वाहिन्या त्याच वर्षी आल्या. ५ जानेवारी २००४ ला शिवाजी महाराजांवरच्या एका पुस्तकाच्या वादातून पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संस्थेवर हल्ला झाला, तेव्हा चोवीस तास बातम्या देणारी मराठी वाहिनी नव्हती. दादोजी कोंडदेव शिवाजी महाराजांचे गुरू होते की नाही, या वादात डिसेंबर २०१० मध्ये महापालिकेने लाल महालातून त्यांचा पुतळा हलवला, तोवर अशा वाहिन्या घरोघरी पोचल्या होत्या. सतराव्या शतकातल्या कागदपत्रांचा प्रश्न आता दोन ब्रेकच्या मध्ये बसवावा लागणार होता.

त्यात पुण्याच्या पाहुण्याची अडचण वेगळीच. निवेदक मुंबईच्या स्टुडिओत, हा इथे कॅमेऱ्यासमोर एकटा, कानात इयरपीस. आवाज क्षणभर उशिरा येतो. हा उत्तराला तोंड उघडतो तोवर दुसऱ्याने विषय पुढे नेलेला असतो. मग आवाज चढवणारा जिंकतो आणि 'अभ्यासक' ही नावाखालची पट्टी दोघांच्याही नावाखाली सारखीच झळकते. माझ्या मते अभ्यासू माणसाचं सगळ्यात मोठं नुकसान इथे झालं. व्याख्यानं आणि सदरलेखन ज्यांनी सोडलं नाही, त्यांच्या बोलण्यात आजही आधार सापडतो.

अलीकडे यूट्यूबमुळे सलग बोलायची सोय परत आली. भाऊ तोरसेकरांसारखे ज्येष्ठ पत्रकार तिथे एकाच विषयावर सविस्तर बोलतात. सनावळी तपासणारा श्रोता मात्र त्या कॅमेऱ्यासमोर बसलेला नसतो. ते काम अजूनही व्याख्यानमालेतच होतं.