बीव्हरच्या केसांवर उभे राहिलेले महापौरपद

न्यू यॉर्क प्रांताचे गव्हर्नर टॉमस डोंगन यांनी १६८७ साली लंडनला पाठवलेल्या अहवालात एक तक्रार आहे. पूर्वी वर्षाला बीव्हर या पाणप्राण्याची ३५ ते ४० हजार कातडी इंग्लंडला जात असत, यंदा मात्र जेमतेम ९ हजार गेली, असे त्यांनी लिहिले आहे. आदल्याच वर्षी, म्हणजे जुलै १६८६ मध्ये, याच डोंगन यांनी हडसन नदीकाठच्या ऑल्बनी या गावाला नगराची सनद दिली होती आणि मूळ रहिवाशांशी होणाऱ्या फर व्यापाराची मक्तेदारीही तिच्यासोबत बहाल केली होती. सनदेनुसार पहिले महापौर झाले ते पीटर स्कायलर. त्यांचे वय तेव्हा २८ होते. वडील फिलिप आम्सटरडॅमहून आलेले, फरच्या धंद्यात आणि जमिनींत पैसा केलेले. बहीण अलिडा हिचे यजमान रॉबर्ट लिव्हिंगस्टन त्याच नगराचे कारकून. घरातच व्यापार आणि घरातच नगरपालिका, असा तो कारभार होता.

ज्या वस्तूच्या मक्त्यासाठी ही सनद होती, ती वस्तू म्हणजे कातडे नव्हे, केस. बीव्हर हा घुशी-उंदरांच्या गणातला, साधारण १५ ते ३० किलो वजनाचा पाणप्राणी. त्याच्या अंगावर केसांचे दोन थर असतात. वरचे केस लांब, राठ आणि गुळगुळीत. त्यांच्याखाली अतिशय दाट, मऊ लोकर. या लोकरीच्या प्रत्येक तंतूवर सूक्ष्म खवले असतात. ऊब, ओल आणि दाब मिळाला की ते एकमेकांत अडकतात आणि पुन्हा सुटत नाहीत. अशा रीतीने विणकामाशिवाय तयार होणारा नमदा हलका असतो, पावसात लवकर भिजत नाही आणि दिलेला आकार धरून ठेवतो. सतराव्या शतकातल्या युरोपात प्रतिष्ठित माणसाच्या डोक्यावर हॅट हवीच, आणि उत्तम हॅट बीव्हरच्या नमद्याचीच, अशी रीत होती. पश्चिम युरोपातले बीव्हर तोवर जवळजवळ संपलेले होते.

राठ केस काढून टाकल्याशिवाय नमदा नीट जमत नाही आणि ते काढणे जिकिरीचे काम असते. त्यामुळे या बाजारात एक चमत्कारिक गोष्ट घडली: वापरलेला माल नव्यापेक्षा महाग झाला. मूळ रहिवासी कातड्याची आतली बाजू खरवडून तिला प्राण्यांची चरबी चोळत, पाच-आठ कातडी शिवून झगा करत आणि केसांची बाजू अंगाला लावून तो वर्ष-दीड वर्ष पांघरत. घाम, चरबी आणि घर्षण यांमुळे राठ केस गळून पडत, उरे ती लोकर. लंडन-पॅरिसच्या श्रीमंतांच्या डोक्यावर, थोडक्यात, कुणाच्या तरी अंगावरचे जुने पांघरूण असे. कोऱ्या कातड्याच्या लोकरीचा नमदा जमवणे अधिक अवघड. पुढे हॅटवाल्यांनी त्यासाठी पाऱ्याचा क्षार वापरायला सुरुवात केली आणि त्याच्या वाफांनी कारागिरांच्या मज्जासंस्थेचे कायमचे नुकसान झाले.

मागणी अफाट असली तरी पुरवठा बीव्हरच्या वेगानेच वाढणार होता, आणि तो वेग फार कमी आहे. मादीला वर्षातून एकदाच, बहुधा दोन ते चार पिल्ले होतात. ती वयात यायला दोन-तीन वर्षे लागतात. शिवाय हा प्राणी लपू शकत नाही. त्याने ओढ्यावर घातलेला बांध आणि पाण्यात रचलेले लाकडांचे घर दुरूनही दिसते. हिवाळ्यात फर सर्वांत दाट असते, आणि नेमके तेव्हाच अख्खे कुटुंब त्या घरात असते; लोखंडी कुऱ्हाड हाती आल्यावर ते फोडणे सोपे झाले. ऑल्बनीच्या पश्चिमेला राहणाऱ्या इरोक्वा या मूळ रहिवाशांच्या राष्ट्रसंघाच्या प्रदेशातले बीव्हर स्कायलर यांच्या जन्माआधीच विरळ झाले होते. १६८७ ची घसरण मात्र केवळ प्राण्यांच्या तुटवड्याने झाली नसावी. त्या वर्षी कॅनडातल्या फ्रेंचांनी इरोक्वांपैकी सेनेकांच्या मुलखावर स्वारी केली होती आणि शिकारी लढाईत गुंतले होते.

मक्ता होता, पण परिसरात बीव्हर नव्हते. फर शेकडो मैलांवरून, मोठ्या सरोवरांपलीकडून येणार आणि तिची वाट इरोक्वांच्या हातात. म्हणून ऑल्बनीच्या महापौराचे खरे काम रस्ते-गटारे पाहण्याचे नव्हते, राजनयाचे होते. स्कायलर यांना इरोक्वांपैकीच असलेल्या मोहॉक लोकांची भाषा येत होती. मोहॉक त्यांना ‘क्विडर’ म्हणत, कारण ओठ मिटून उच्चारायचा ‘प’ त्यांच्या भाषेत नाही. १६९० च्या फेब्रुवारीत फ्रेंच आणि त्यांच्या मित्रांनी शेजारचे स्केनेक्टडी जाळून सुमारे ६० माणसे मारली. पुढच्या वर्षी स्कायलर यांनी मोहॉक आणि मोहिकन योद्ध्यांसह कॅनडातल्या ला प्रेरीवर चाल केली. १७१० मध्ये ते मूळ रहिवाशांच्या चार प्रतिनिधींना घेऊन लंडनला राणी ॲनपुढे गेले. मागणी होती कॅनडा जिंकण्यासाठी सैन्य पाठवण्याची. सैन्य १७११ मध्ये निघाले, पण सेंट लॉरेन्स नदीच्या मुखाशी जहाजे फुटून मोहीम बारगळली.

गंमत अशी की, ज्या फ्रेंचांशी हे वैर, त्यांच्याच मॉन्ट्रियलहून चोरट्या मार्गाने ऑल्बनीत फर येत होती. इंग्रजी लोकरी कापड स्वस्त आणि चांगले, फ्रेंच कंपनीचा भाव कमी. मधली ने-आण मॉन्ट्रियलजवळ राहणारे मोहॉक करत. १७२० साली प्रांताने हा व्यवहार कायद्याने बंद करायचा प्रयत्न केला तेव्हा सर्वांत मोठी ओरड ऑल्बनीच्या व्यापाऱ्यांचीच होती.

या घराण्याच्या वैभवाचा आणखी एक आधार होता, आणि सनदी-पत्रव्यवहारात तो ओझरताच दिसतो. वडिलांनी १६७२ मध्ये घेतलेली ऑल्बनीच्या उत्तरेची शेतजमीन पुढे पीटर यांच्याकडे आली. तिथे २००५ साली सांडपाण्याच्या वाहिनीसाठी खोदताना एक विस्मृत दफनभूमी सापडली. ती या परिसरात राबलेल्या गुलामांची असावी, असे संशोधकांचे मत आहे. आईकडून येणाऱ्या मायटोकाँड्रियल डीएनएच्या तपासणीत काहींचे मूळ आफ्रिकेच्या पश्चिम भागात, तर काहींचे मादागास्करमध्ये निघाले. २०१६ मध्ये त्या अवशेषांचे पुन्हा दफन करण्यात आले.

बीव्हर गेल्याचे परिणाम जमिनीवरही झाले. त्याच्या बांधामागे पाणी साठते, गाळ बसतो, भूजल वर राहते. बांध राखणारे कुणी उरले नाही की तो फुटतो, तळे रिकामे होते आणि गाळाच्या सुपीक थरावर गवत उगवते. उत्तर अमेरिकेत आलेल्या वसाहतकऱ्यांना अशी आयती कुरणे जागोजाग मिळाली आणि तिथे त्यांची गुरे चरू लागली.

स्कायलर १७२४ मध्ये वारले. तीनच वर्षांत इंग्रजांनी ओंटारियो सरोवराकाठी ओस्वेगो इथे ठाणे बांधले आणि फरचा बाजार ऑल्बनीच्या वेशीतून पश्चिमेला सरकला. घराण्याच्या पुढच्या पिढ्यांनी धंदा बदलला: पीटर यांच्या भावाचे नातू, अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धातले सेनापती फिलिप स्कायलर, यांचे उत्पन्न साराटोगाच्या जमिनी, इमारती लाकूड, गहू आणि लिननच्या धाग्याची गिरणी यांवर चालत होते.