लिझ स्मिथ

लिझ स्मिथ (११ डिसेंबर १९२१ – २४ डिसेंबर २०१६) : ब्रिटिश दूरचित्रवाणी व चित्रपटांतील चरित्र अभिनेत्री. विक्षिप्त, हट्टी, आपल्याच तंद्रीत असणाऱ्या म्हाताऱ्या रंगवण्यात त्यांचा हात धरणारे फारसे कोणी नव्हते. मात्र अभिनयावर पोट भरता येईल अशी संधी त्यांना मिळाली ती थेट पन्नाशीच्या उंबरठ्यावर.

इंग्लंडमधील लिंकनशायर परगण्यातल्या स्कंथॉर्प या पोलादनगरीत त्यांचा जन्म झाला. मूळ नाव बेटी ग्लीडल. दोन वर्षांच्या असताना आई गेली, पुढे वडिलांनी दुसरे लग्न करून मुलीशी संबंध तोडले. आजीने त्यांना वाढवले. दुसऱ्या महायुद्धात त्या नौदलाच्या महिला दलात होत्या. १९४५ मध्ये विवाह, १९५९ मध्ये घटस्फोट. दोन मुले पदरात असल्याने मिळेल ते काम करायचे आणि उरलेल्या वेळात नाटक, असा क्रम बरीच वर्षे चालला. लंडनमध्ये नाट्यदिग्दर्शक चार्ल्स मॅरोविट्झ यांच्या गटात त्यांनी उत्स्फूर्त अभिनयाचे धडे गिरवले, आणि तेच पुढे कामी आले.

हॅम्लीज या लंडनमधील प्रसिद्ध दुकानात त्या खेळणी विकत असताना माइक ली या तरुण दिग्दर्शकाकडून बोलावणे आले. ली लिखित संहिता हाती देत नसत. नटांकडून पात्र घडवून घेत आणि त्यातून संवाद उभे करत. ‘ब्लीक मोमेंट्स’ (१९७१) या चित्रपटात घेतल्यानंतर ली यांनी स्मिथना बीबीसीच्या ‘हार्ड लेबर’ (१९७३) या दूरचित्रवाणी नाटकात मध्यवर्ती भूमिका दिली. परक्यांच्या घरची धुणीभांडी करून घरी परतल्यावर नवऱ्याची दुखरी पाठ चोळत बसणारी मिसेस थॉर्नली या नाटकात फारसे बोलतच नाही. पुढे विनोदासाठी गाजलेल्या या अभिनेत्रीची ताकद खरी जोखायची, तर ही भूमिका पाहावी. (पुढे पडद्यावर गांधीजी साकारणारे बेन किंग्जली इथे एका छोट्या भूमिकेत टॅक्सीचालक आहेत.)

त्यानंतर मात्र कामाचा ओघ आटला नाही. युद्धोत्तर रेशनिंगच्या काळात घरात चोरून आणलेल्या डुकराभोवती फिरणाऱ्या ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ (१९८४) या चित्रपटात त्या अभिनेत्री मॅगी स्मिथ यांच्या पडद्यावरच्या आई झाल्या आणि सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा बाफ्टा हा मानाचा ब्रिटिश चित्रपट पुरस्कार घेऊन गेल्या. ‘द व्हिकर ऑफ डिबली’ या विनोदी दूरचित्रवाणी मालिकेत त्यांची लेटिशिया क्रॉप्ली भलभलते जिन्नस एकत्र करून केक करते आणि अख्ख्या गावाला आग्रहाने खाऊ घालते. १९९६ च्या ईस्टर भागात हे पात्र मरते, तेव्हा मालिकेतला एक हुकमी विनोदच संपला.

सर्वांत लोकप्रिय ठरली ती ‘द रॉयल फॅमिली’ (१९९८ पासून) या विनोदी मालिकेतील नॅना, म्हणजे आजी. मँचेस्टरमधल्या रॉयल आडनावाच्या एका कामगार कुटुंबाने सोफ्यावर बसून टीव्ही पाहायचा, एवढाच या मालिकेचा ऐवज. नॅना लेकीच्या घरी कायमची मुक्कामाला येण्याची संधी शोधत असते आणि जावई जिमला तिचे येणे म्हणजे डोक्याला ताप. स्मिथ यांची खुबी अशी, की वाक्य विनोदी आहे हे आपल्याला ठाऊक असल्याचे त्या कधी दाखवत नाहीत. ऑक्टोबर २००६ मधील ‘द क्वीन ऑफ शीबा’ या विशेष भागात नॅना अंथरुणाला खिळते. लेक बार्बरा तिच्या केसांना रोलर लावत बसते, आणि मायलेकींच्या किरकोळ गप्पांतून शेवट जवळ आल्याचे कळते. या भूमिकेसाठी त्यांना ब्रिटिश कॉमेडी पुरस्कार मिळाला.

‘चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी’ (२००५) मध्ये त्या चार्लीच्या आजी होत्या. २००९ मध्ये एमबीई हा ब्रिटिश सरकारी किताब मिळाला. त्याच वर्षी पक्षाघातामुळे प्रकृती ढासळल्याने, वयाच्या ८७ व्या वर्षी, त्यांनी काम थांबवले. ‘अवर बेटी’ हे त्यांचे आत्मचरित्र २००६ मध्ये प्रसिद्ध झाले.