जालन्याहून गेलेलं मनोरुग्णालय

हैदराबाद संस्थानाचं मनोरुग्णालय निजामी राजवटीत जालन्यात होतं, हे आज मराठवाड्यातही फारसं कुणाला ठाऊक नसतं. १९५३ साली ते हैदराबादेत एर्रागड्ड्याला हललं. तीनच वर्षांत, १९५६ मध्ये, मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि रुग्णालय परराज्यात राहिलं. वाट्याला आली ती ब्रिटिश मुलखातली मनोरुग्णालयं: नागपूर (१८६४), रत्नागिरी (१८८६), ठाणे (१९०१) आणि येरवडा. चारही मिळून ५,६९५ खाटा, त्यांतल्या २,५४० एकट्या येरवड्यात. संभाजीनगरच्या घाटी रुग्णालयाच्या किंवा अंबाजोगाईच्या सरकारी रुग्णालयाच्या वॉर्डात थोड्या दिवसांचा रुग्ण सांभाळला जातो. लांबचं दुखणं मात्र पुण्याच्या वाटेला लागतं. आता मराठवाड्यासाठी नव्या मनोरुग्णालयाच्या ३६५ खाटा मंजूर झाल्या, त्याही जालन्यालाच.

१९१२ च्या मनोरुग्णांविषयीच्या कायद्यात रुग्णालयात दाखल होणं म्हणजे बहुतेकदा मॅजिस्ट्रेटचा हुकूम. आत गेलं की डोकं भादरायचं, सरकारी कपडे घालायचे. कारण उवांचं सांगत. खरं तर माणसं कमी आणि रुग्ण फार. २०१७ च्या कायद्यानं (लागू २९ मे २०१८) दोन्हींची सक्ती काढली, साखळी बंद केली, भूल दिल्याशिवाय शॉक देण्यास मनाई केली. नातेवाइकांनी आणलेल्या रुग्णाला पहिल्या खेपेस ३० दिवसांपर्यंतच ठेवता येतं.

वॉर्डातला कळीचा क्षण गोळी वाटपाचा. पाणी पाजायचं, तोंड उघडायला लावायचं, जीभ वर करायला सांगायची, दोन्ही गाल पाहायचे. हे चुकलं की गालात धरलेली गोळी संडासात जाते. डॉक्टरांना वाटतं औषध लागू पडत नाही, डोस वाढतो. मग एखाद्या दिवशी रुग्ण खरंच गिळतो आणि हातपाय ताठरतात.

लिथियमचं, म्हणजे मनाचे टोकाचे चढउतार आवरणाऱ्या औषधाचं गणित आणखी नाजूक. शेवटच्या गोळीनंतर १२ तासांनी, सकाळची गोळी द्यायच्या आधी रक्त घ्यायचं. पातळी साधारण लिटरमागे ०.६ ते १.० मिलिमोल असावी. मे महिन्यात घामावाटे पाणी-मीठ जातं, मूत्रपिंड लिथियम धरून ठेवतं, पातळी चढते. हात जोरात थरथरणं, उलट्या, जुलाब, झोकांड्या दिसल्या की पुढची गोळी थांबवून लगेच रक्त तपासायचं. अंगदुखीला दिलेली डायक्लोफिनॅकसुद्धा हाच घोळ घालते. क्लोरप्रोमाझिन या भ्रम-भासांवरच्या औषधावर असलेल्या माणसाला घामच कमी येतो, त्यामुळे त्याला उन्हात बसू द्यायचं नाही.

वॉर्डात हे जमतं. घरी पाठवताना हातात महिन्याच्या गोळ्या असतात. गावच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात लिथियमची पातळी मोजायची सोय नसते.