लाजेचा चुकलेला हिशेब

शरीरसंबंधांतली अडचण किंवा पदरी आलेला नकार जिवाभावाच्या मित्रापाशी बोलायचा म्हटला, तरी शब्द ओठांवर येऊन परत फिरतात. नजर खाली जाते, हातातला रिकामा कप उगाच फिरवला जातो आणि विषय बदलतो. धरणीने पोटात घ्यावे असे वाटायला लावणारी ही लाज आणि अपराधभाव यांतला भेद मानसशास्त्रज्ञ हेलन ब्लॉक लुईस यांनी १९७१ मध्ये ठळकपणे मांडला. अपराधभावाचा रोख 'मी काय केले' याकडे असतो, लाजेचा 'मी कसा आहे' याकडे. म्हणूनच अपराधभाव माणसाला चूक निस्तरायला लावतो, तर लाज त्याला लपायला सांगते.

लपण्यामागचा हिशेब मात्र बऱ्याचदा चुकीचा असतो. जर्मनीतील मानहाइम विद्यापीठाच्या आना ब्रुक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत प्रेमाची कबुली देणे, चूक मान्य करणे, मदत मागणे असे प्रसंग लोकांपुढे ठेवले होते. त्या जागी स्वतःला कल्पिल्यावर लोकांना जो दुबळेपणा वाटला, तोच दुसऱ्याच्या बाबतीत त्यांना बराचसा धीटपणा वाटला. संशोधकांच्या मते, स्वतःकडे पाहताना धोक्याचे बारीकसारीक तपशील डोळ्यांपुढे येतात. दुसऱ्याकडे आपण जरा लांबून पाहतो.

तरीही एकदम सगळे ओकून टाकल्याने जवळीक वाढते, असे नाही. आर्थर एरन यांच्या १९९७ च्या गाजलेल्या प्रयोगात अनोळखी व्यक्तींच्या जोड्यांनी ४५ मिनिटे एकमेकांना प्रश्न विचारले. ३६ प्रश्नांची ती यादी हळूहळू खासगी होत जाते, आणि वरवरच्या गप्पा मारणाऱ्या जोड्यांपेक्षा या जोड्यांना अधिक जवळीक वाटली. यादीचे कौतुक फार झाले. मला मात्र प्रत्येक प्रश्नाला दोघांनीही उत्तर द्यायचे, ही अट अधिक मोलाची वाटते, कारण तिच्यामुळे उघडे पडण्याची जोखीम एकाच्याच वाट्याला येत नाही.

मोकळेपणाला दुसरी बाजूही आहे. अमांडा रोझ यांनी २००२ मध्ये शाळकरी मुलामुलींच्या मैत्रीचा अभ्यास केला, तेव्हा एकच दुखणे पुन्हापुन्हा उगाळणाऱ्या मित्रमैत्रिणींमध्ये जवळीक अधिक आढळली, पण त्याबरोबरच नैराश्य आणि चिंतेची लक्षणेही अधिक आढळली.