सोसायटीचं दप्तर सोडत नाहीत? अवमान याचिकेआधी हे तपासा

निवडणूक झाली, नवी कमिटी आली, आदेशही हातात पडला. तरी जुने चेअरमन सभासद नोंदवही, चेकबुक आणि ऑफिसची चावी सोडायला तयार नाहीत. मग कुणीतरी म्हणतं, ‘कंटेम्प्ट टाकू,’ म्हणजे आदेश मोडल्याबद्दल अवमान याचिका करू. जरूर टाका. पण बऱ्याच याचिका पहिल्या एक-दोन तारखांतच गळतात आणि कारणं तीच तीच असतात.

आधी हातातला कागद नीट वाचा. तो कोर्टाचा आदेश आहे की सहकार खात्याच्या उपनिबंधकांचा? नव्या चेअरमनकडे दप्तर सोपवा, असा उपनिबंधकांचा आदेश महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १६० खाली निघतो. तो पाळला नाही तर त्याच कायद्यात शिक्षा आहे, दप्तर जप्त करून घेण्याचा मार्गही आहे. लोक मात्र हाच आदेश कोर्टाचा असल्यासारखा घेऊन अवमानासाठी हायकोर्टाची पायरी चढतात. कुणी सर्वोच्च न्यायालयाचा १९६७ चा निकालही पुढे करतं. बिहारमधल्या एका सहकारी बँकेच्या त्या प्रकरणात सहायक निबंधकाला न्यायालय मानलं होतं हे खरं, पण तो निबंधक तिथे पक्षकारांमधला वाद न्यायनिवाड्याने सोडवत होता. आपल्याकडे कलम ९१ चे, म्हणजे सभासद आणि संस्था यांच्यातले वाद सहकार न्यायालयात जातात. दप्तर सोपवण्याचा प्रशासकीय आदेश त्या निकालात बसवणं अवघड आहे.

आणखी एक फसवी जागा आहे. ‘हायकोर्टाने जुन्या कमिटीची याचिका फेटाळली, म्हणजे आम्ही जिंकलो.’ जिंकलात, पण त्या आदेशात ‘अमुक तारखेपर्यंत दप्तर द्या’ असं वाक्य आहे का? नसेल तर मोडलं काय? समोरच्या वकिलाने तोंडी दिलेल्या हमीचंही तेच. ती आदेशात नोंदलेली हवी. त्याच दिवशी उभं राहून नोंदवून घ्या, सहा महिन्यांनी कुणाला काही आठवत नाही.

सहकार न्यायालयाचा आदेश मोडला असेल तर न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम १० खाली विषय उच्च न्यायालयात नेता येतो. हा दिवाणी अवमान आहे, म्हणजे आदेश मोडण्याचा; त्याला महाधिवक्त्यांची (राज्य सरकारच्या सर्वोच्च कायदा अधिकाऱ्याची) संमती लागत नाही. ती फौजदारी अवमानाची अट. तिची वाट पाहत बसू नका, कारण घड्याळ चालू असतं.

ते घड्याळ याच अवमान अधिनियमाच्या कलम २० चं, एक वर्षाचं. सर्वांत जास्त लोक इथेच अडकतात. वर्ष आदेशाच्या तारखेपासून नाही, प्रमाणित प्रत मिळाल्यापासूनही नाही. अवमान घडल्याच्या तारखेपासून मोजायचं. ४ आठवड्यांत दप्तर द्या असं म्हटलं असेल, तर ती मुदत संपली की मोजणी सुरू. याचिका वर्षाच्या आत दाखल झाली पाहिजे. मधल्या काळात पाठवलेल्या पाच नोटिसांनी मुदत वाढत नाही. ‘दप्तर अजून त्यांच्याकडेच आहे, म्हणजे रोज नवा अवमान’ या युक्तिवादावर तर मुळीच विसंबू नका.

आता तो कागद, जो कुणाकडेच नसतो: आदेश समोरच्याला कळला होता याचा पुरावा. अवमान हेतुपुरस्सर असावा लागतो, आणि ‘मला आदेश मिळालाच नाही’ हे जुन्या कमिटीचं हुकमी वाक्य. व्हॉट्सॲपवरच्या दोन निळ्या खुणांवर थांबू नका. आदेशाची प्रत जोडून स्पीड पोस्टाने पत्र पाठवा (पूर्वीची रजिस्टर पोस्ट २०२५ मध्ये त्यातच विलीन झाली आहे) आणि पोचपावती जपा. मग ठरल्या वेळी दोन सभासदांना घेऊन ताबा मागायला जा, आणि दार उघडलं नाही तर तिथल्या तिथे तारीख-वेळ लिहून सह्या घ्या. बँकेलाही आदेशाची प्रत देऊन शिक्क्याची पोच घ्या. नाहीतर जुन्या सह्यांवर चेक वटत राहतात आणि बँक हात वर करते.

बाकीचं सरळ आहे: आदेशाची प्रमाणित प्रत, प्रतिज्ञापत्र, संस्थेतर्फे जात असाल तर अधिकार देणारा ठराव, आणि प्रतिवादी म्हणून व्यक्तींची नावं. ‘जुनी कमिटी’ असं मोघम लिहू नका. कोणाला काय करायचा आदेश होता आणि त्याने काय केलं नाही, हे प्रत्येकाच्या नावापुढे लिहा.

समोरच्याने अपील केलंय म्हणून तुम्ही थांबायचं कारण नाही. स्थगिती मिळाली नसेल तर आदेश लागूच असतो. तुमच्या आदेशाचे मात्र खरोखर दोन अर्थ निघत असतील, तर अवमानाऐवजी आधी त्याच न्यायालयाकडून स्पष्टीकरण घ्या.

शिक्षा किती? साधी कैद ६ महिन्यांपर्यंत, दंड २००० रुपयांपर्यंत. दंड मुंबईतल्या कितीतरी फ्लॅटच्या महिन्याच्या मेंटेनन्सपेक्षा कमी! शिवाय प्रामाणिक माफी मागितली तर कोर्ट ती स्वीकारू शकतं. म्हणून अंमलबजावणीचा अर्ज बाजूला ठेवू नका. सहकार न्यायालयाच्या निवाड्यासाठी सहकारी संस्था अधिनियमाचं कलम ९८ आहे. कपाटाची चावी बहुतेकदा त्या वाटेने येते.