दरडीचा धोका: सौम्यीकरण निधीसाठी वाडीचा प्रस्ताव कसा करावा

19 जुलै 2023 च्या रात्री खालापूर तालुक्यातली इर्शाळवाडी दरडीखाली गेली. दरडप्रवण ठिकाणांच्या सरकारी यादीत ती वाडी नव्हती. आपल्याकडे कागद महसुली गावाच्या नावाने फिरतो आणि डोंगराच्या पायथ्याची वाडी त्यात दिसतच नाही. म्हणून प्रस्तावासाठी ग्रामसभेत जो ठराव कराल त्यात वाडीचं नाव, गट क्रमांक, घरं आणि माणसं किती, हे स्पष्ट लिहा. बाकी सगळं यानंतर.

दुर्घटनेनंतरची मदत राज्य आपत्ती प्रतिसाद निधीतून मिळते. दुर्घटना होण्याआधी धोका कमी करण्याचा पैसा वेगळा आहे, तो म्हणजे राज्य आपत्ती सौम्यीकरण निधी. त्याची तरतूद आपत्ती व्यवस्थापन कायदा, 2005 मध्येच आहे. पंधराव्या वित्त आयोगाने 2021-26 साठी राज्यांच्या आपत्ती निधीतला 20 टक्के वाटा यासाठी राखून ठेवला. महाराष्ट्रासाठी त्यात केंद्राचे 75 आणि राज्याचे 25 टक्के.

हा वैयक्तिक लाभाचा निधी नव्हे, त्यामुळे एकट्या घरमालकाने अर्ज करून उपयोग नाही. प्रस्ताव ग्रामपंचायतीमार्फत न्या. काम स्थानिक पातळीवरचं आणि वस्तीचा धोका थेट कमी करणारं हवं: उतारावरचं पाणी वळवणारे चर, जाळीतल्या दगडांची भिंत, वीज अटकाव यंत्रणा. समुद्राकाठचे मोठे बंधारे किंवा नदीकाठचे पूर अडवणारे बांध नियमित विकास योजनांतून करावेत, असं आयोगाने म्हटलं आहे. सभामंडप, अंतर्गत रस्ता असली कामं याच प्रस्तावात घुसवू नका. त्याने मूळ मागणीच कमकुवत होते.

ठराव 2 ऑक्टोबरच्या ग्रामसभेत घ्यावा, असं मी आग्रहाने सांगेन. पावसाळा नुकताच सरलेला असतो, जमिनीला गेलेल्या भेगा आणि नवे झरे लोकांच्या डोळ्यांसमोर असतात. शिवाय पुढच्या वर्षाच्या ग्रामपंचायत विकास आराखड्याची तयारीही त्याच सुमारास सुरू होते. तेच काम आराखड्यातही नोंदवा. वयस्कर बायामाणसांना मुद्दाम बोलतं करा. पाणी पूर्वी कुठून वाहायचं, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक नसतं.

जिल्हा आपत्ती व्यवस्थापन कक्षाकडे प्रस्तावाचा नमुना असेल तर तो आधी मागून घ्या. सोबत ठरावाची प्रत, जागेचा सातबारा, गावनकाशावर खूण केलेली वाडी, स्थळदर्शक छायाचित्रं, पूर्वीच्या नुकसानीचे पंचनामे आणि अभियंत्याने केलेलं अंदाजपत्रक जोडा. जागा वनखात्याची असेल तर त्यांची परवानगी लागते, आणि सगळ्यात जास्त वेळ तिथेच जातो. ते पत्र सर्वांत आधी टाका. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे दरडप्रवणतेचे नकाशे 1:50,000 प्रमाणात आहेत. एवढ्या प्रमाणात 40 घरांची वाडी जेमतेम ठिपका होते, म्हणून प्रत्यक्ष पाहणीची लेखी मागणी स्वतंत्रपणे करा.

प्रस्ताव तहसीलदार आणि गटविकास अधिकारी या दोघांकडेही द्या. पुढे तो जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील जिल्हा आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाकडे आणि तिथून राज्याकडे जायला हवा. प्रत्येक टप्प्यावर आवक क्रमांक असलेली पोच घ्या. उत्तर आलं नाही तर त्याच क्रमांकावर माहिती अधिकारात विचारता येतं. त्याला 30 दिवसांची मुदत असते.